सापाच्या तोंडाचा तो 'विषारी' पतंग

पावसाळा आला की बोरिवली-मुलुंडकडच्या सोसायट्यांच्या ग्रुपवर एक फोटो फिरतोच. भिंतीवर तळहाताहून मोठा तांबूस पतंग, खाली इशारा: 'सापाच्या तोंडाचा विषारी कीटक, चावला की संपलं!'

चावणार कशाने? फोटोतल्या या अ‍ॅटलास पतंगाला प्रौढपणी खाण्याजोगं तोंडच नसतं. नांगी नाही, विषही नाही. अळी असताना साठवलेल्या चरबीवर तो जेमतेम आठवडा-दोन आठवडे जगतो. तेवढ्यात जोडीदार शोधायचा, मादीने अंडी घालायची, खेळ खलास. नराच्या मिशा पिसांसारख्या असतात. मादीचा गंध तो त्यांनीच दुरून टिपतो.

'साप' म्हणजे पुढच्या पंखांची वळलेली टोकं. पक्ष्यांना दचकवायला ती उपयोगी पडत असावीत. माणसं मात्र नक्की दचकतात. पंखांचा विस्तार २४ सेंटिमीटरपर्यंत जातो, त्यावर पारदर्शक त्रिकोणी खिडक्या.

अळी फिकट हिरवी, अंगावर पांढरी मेणचट भुकटी. दालचिनी, पेरू, लिंबाची पानं फस्त करते आणि पानाच्या आडोशाला रेशमी कोष विणते. शेजारच्या संजय गांधी राष्ट्रीय उद्यानाच्या झाडीतला हा रहिवासी दिव्याला भुलून जिन्यात येतो. झाडू नको, जिन्यातला दिवा बंद करा.