विहिरीतल्या आंधळ्या कवचधाऱ्यांचा शोध: लंडन, बनारस, रत्नागिरी आणि ठाण्याचा कातळ

ठाणे शहरातील आणि नवी मुंबईच्या गावठाणांतील जुन्या विहिरींचा गाळ काढून त्या पुन्हा वापरात आणाव्यात, अशी मागणी पाणीकपात सुरू झाली की उन्हाळ्यात होतेच, आणि त्या निमित्ताने विहिरीच्या पाण्याची तपासणीही होते. या तपासणीत क्षार, कठीणपणा आणि रोगजंतू यांची नोंद होते. त्या पाण्यात कायम वस्तीला असू शकणाऱ्या प्राण्यांसाठी तिच्यात रकाना नसतो. भूजलात जन्मून भूजलातच मरणारे, डोळे आणि रंग गमावलेले, जेमतेम मिलिमीटरभरापासून काही सेंटिमीटर लांबीपर्यंतचे कवचधारी प्राणी जगात ठिकठिकाणी सापडले आहेत. खेकडा, कोळंबी आणि जवळा यांच्या गोतावळ्यातले हे जीव माणसाला कसे माहीत झाले आणि त्यांचा शोध कोकणपट्टीपर्यंत कोणत्या वाटेने आला, हे पाहिल्याशिवाय ठाण्याच्या विहिरींविषयी या बाजूने बोलता येणार नाही.

या इतिहासात नाव गुहांचे झाले, पण बरेचसे काम विहिरींनी केले. विल्यम एल्फर्ड लीच या इंग्रज प्राणिशास्त्रज्ञांनी एकोणिसाव्या शतकाच्या दुसऱ्या दशकात लंडनमधील विहिरीत सापडलेल्या एका अँफिपॉडचे (बाजूंनी चेपलेल्या अंगाच्या कवचधाऱ्याचे) वर्णन केले, तेव्हा गुहांतील प्राण्यांचा पद्धतशीर अभ्यास सुरूही झालेला नव्हता. तो सुरू झाला आजच्या स्लोव्हेनियातील पोस्तोयना परिसरातल्या चुनखडीच्या गुहांमध्ये. डेन्मार्कचे प्राणिशास्त्रज्ञ शिओद्ते यांनी तेथील प्राण्यांचा अभ्यास केला आणि १८४९ मध्ये निफारगस ही अँफिपॉडांची प्रजाती, म्हणजे जवळच्या जातींचा गट, प्रस्थापित केली. या एकट्या प्रजातीतील ज्ञात जातींची संख्या आज ४०० च्या वर गेली आहे, आणि त्यांतील कितीतरी जाती एखाद्याच गुहेपुरत्या किंवा एखाद्याच खोऱ्यातील भूजलापुरत्या मर्यादित आहेत.

निफारगस बशीत घेऊन पाहिला तर त्याचे अंग दोन्ही बाजूंनी चेपलेले दिसते, त्यामुळे तो उथळ पाण्यात उभा राहू शकत नाही आणि कुशीवर पडून सरपटतो. कातडी दुधाळ आणि इतकी पातळ असते की पोटातील गाळाची काळसर रेघ बाहेरून दिसते. डोक्यावर डोळ्यांची जागा कोरी असते, आणि ती उणीव लांब स्पर्शिका व अंगावरचे संवेदनशील केस भरून काढतात. जमिनीखाली ऊन नाही, म्हणून शेवाळ नाही. वरून झिरपणाऱ्या पाण्याबरोबर आलेला पालापाचोळ्याचा चुरा आणि दगडावर धरलेला जिवाणूंचा पातळ थर एवढाच शिधा. अशा ठिकाणी जगण्याची रीत म्हणजे सावकाश वाढणे, थोडीच अंडी घालणे आणि पुष्कळ वर्षे जगणे. फ्रान्समध्ये झालेल्या प्रयोगांत निफारगसचे काही प्राणी २०० दिवसांहून अधिक काळ अन्नाशिवाय तगले.

डोळे गेले कसे, या प्रश्नावर चार्ल्स डार्विन यांनी १८५९ मध्ये शिओद्ते यांच्या निरीक्षणांचा आधार घेतला आणि गुहेतल्या प्राण्यांचे आंधळेपण वापर थांबल्यामुळे आले, असे मत मांडले. वापर थांबला की अवयव झिजतो आणि ती झीज पुढच्या पिढीत उतरते, हे स्पष्टीकरण आता मागे पडले आहे. अंधारात डोळा बिघडवणारा जनुकीय बदल कोणाचे नुकसान करत नाही, म्हणून तो छाटला जात नाही आणि साचत राहतो. शिवाय डोळा आणि त्यामागचा मेंदूचा भाग पोसायला ऊर्जा लागते, आणि उपाशी पाण्यात ती वाचवणाऱ्याचे फावते. या दोन कारणांतील कोणते अधिक वजनाचे, यावर वाद अजून चालू आहे आणि बहुधा प्रत्येक प्राण्यासाठी उत्तर निराळे निघेल.

१८८२ मध्ये प्राणिशास्त्रज्ञ वेयदोव्स्की यांनी प्राग शहरातील विहिरींच्या पाण्यात सापडणाऱ्या प्राण्यांचे वर्णन प्रसिद्ध केले. त्यात बॅथिनेला नावाचा एक जीव होता: जेमतेम मिलिमीटरभर लांब, अळीसारखा, डोळे नसलेला आणि पाठीवर कोळंबीसारखी ढाल नसलेला. हाती आलेले नमुने अवघे दोन होते, आणि ते कोणत्या कुळात बसवावेत हे कोणालाच नीट उमगेना. उत्तर आले टास्मानियातून. तेथील डोंगरी पाण्यात राहणाऱ्या ॲनास्पिडीस या प्राण्याचे वर्णन १८९३ मध्ये झाले, आणि सुमारे ३० कोटी वर्षांपूर्वीच्या खडकांतील जीवाश्मांशी त्याचे साम्य लक्षात आले. मग १८९९ मध्ये प्राणिशास्त्रज्ञ काल्मन यांनी प्रागचा तो चिमुकला जीवही याच जुन्या घराण्यातला असल्याचे दाखवून दिले. शहराच्या मधोमध असलेल्या विहिरीत डायनासोरांहून जुने घराणे नांदत होते, आणि वरचे लोक त्याच पाण्यावर स्वयंपाक करत होते.

याच सुमारास न्यूझीलंडमध्ये चार्ल्स चिल्टन हा एकवीस-बावीस वर्षांचा तरुण कँटरबरी प्रांतातील इआर्टन येथील विहिरीतून आलेले आंधळे कवचधारी तपासत होता. १८८२ पासून त्यांनी त्यांची वर्णने छापली आणि १८९४ मध्ये न्यूझीलंडच्या भूजलातील कवचधाऱ्यांवर सविस्तर प्रबंध लिहिला. चिल्टन पुढे वैद्यकी शिकून नेत्रशल्यचिकित्सक झाले. आंधळ्या प्राण्यांच्या अभ्यासकाने माणसांच्या डोळ्यांवर उपचार करावेत, हा योगायोग नोंदवून पुढे जाणेच बरे. भारताच्या दृष्टीने महत्त्वाचे म्हणजे, बंगालमधील एका खाणीत सापडलेला आंधळा अँफिपॉड याच चिल्टन यांच्याकडे गेला आणि १९२३ मध्ये त्यांनी त्याचे वर्णन प्रसिद्ध केले. त्या जातीसाठी पुढे इंडोनिफारगस ही स्वतंत्र प्रजाती करण्यात आली.

त्यानंतरचे मोठे नाव बनारसचे. दुसऱ्या महायुद्धात भारतीय प्राणिसर्वेक्षण विभागाचे कार्यालय आणि संग्रह कलकत्त्याहून बनारसला हलवण्यात आले होते. १९५० मध्ये चोप्रा आणि तिवारी यांनी बनारसच्याच विहिरींतील एका आंधळ्या आयसोपॉडचे (कवचधाऱ्यांच्याच आणखी एका गटातील प्राण्याचे) वर्णन केले आणि त्याला निकोल्सिया काशिएन्सी असे नाव दिले. प्राणिशास्त्रज्ञ ज्या गावात राहायला गेले त्या गावच्या विहिरीत नवा प्राणी निघावा, हे निव्वळ दैव म्हणता येणार नाही. तो ज्या गटातला आहे त्याचे बाकीचे सदस्य ऑस्ट्रेलिया, न्यूझीलंड आणि दक्षिण आफ्रिका येथे आढळतात. त्यामुळे गंगेच्या गाळात सापडलेला हा जीव गोंडवनाची, म्हणजे हे सारे प्रदेश आणि भारत एकत्र जोडलेले होते त्या जुन्या भूखंडाची, आठवण ठेवून असल्याचे मानले जाते. केरळातील कोट्टयमच्या विहिरीतील होराग्लॅनिस या आंधळ्या माशाचे वर्णनही १९५० चेच, पण तो विषय निराळा.

कोकणचा प्रवेश झाला तो रत्नागिरीमुळे. १९७९ मध्ये सांकोल्ली आणि शेणॉय यांनी रत्नागिरीच्या विहिरीतील एका आंधळ्या गोड्या पाण्यातल्या कोळंबीचे वर्णन ट्रॉग्लिंडिकस फ्रिएटिकस या नावाने प्रसिद्ध केले. जाती नवी होतीच, तिच्यासाठी प्रजातीही नवी करावी लागली. ही कोळंबी ज्या कुळातली, त्यात समुद्रात, खाडीत आणि नदीत राहणारे अशा सगळ्या प्रकारचे सदस्य आहेत. म्हणून तिचे पूर्वज खाऱ्या पाण्यातून गोड्यात आणि तिथून जमिनीखाली शिरले असावेत, असा तर्क करणे सयुक्तिक आहे. रत्नागिरीचा जांभा दगड सच्छिद्र आहे, त्यात पाण्याने कोरलेल्या पोकळ्या असतात, आणि कोळंबीच्या आकाराच्या प्राण्याला हालचालीसाठी तेवढी जागा लागतेच. मराठी मुलुखात या विषयाचा इतका ठळक पुरावा असूनही तो प्राणिशास्त्राच्या वर्तुळाबाहेर फारसा कोणाला ठाऊक नाही, याचे नवल वाटते.

आंध्र प्रदेशात मात्र काम सलग झाले. नागार्जुन विद्यापीठातील वाय. रंगा रेड्डी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २००० नंतरच्या काळात विहिरी, बोअरवेल आणि नदीकाठची वाळू यांतून बॅथिनेलाच्या घराण्यातील अनेक नव्या जाती उजेडात आणल्या. त्यांतील हॅब्रोबॅथिनेला ही प्रजाती आधी मादागास्करमधून माहीत होती. भारत आणि मादागास्कर सुमारे ८ कोटी ८० लाख वर्षांपूर्वी वेगळे झाले, आणि अंडी एकेक करून तळाशी सोडणारा, समुद्र ओलांडण्याची सोय नसलेला मिलिमीटरभर प्राणी दोन्हीकडे आहे. याच भागातील विहिरींतून २००६ मध्ये बोगिडिएला इंडिका या अँफिपॉडचीही नोंद झाली.

महाराष्ट्रात विहिरीतल्या कवचधाऱ्यांकडे सरकारी यंत्रणेचे लक्ष गेलेच नाही, असे नाही. ते गेले नारूमुळे. नारूची अळी सायक्लॉप्स नावाच्या बारीक कवचधाऱ्यात वाढते आणि पाण्याबरोबर तो गिळला गेला की माणसाच्या शरीरात शिरते, हे रशियन शास्त्रज्ञ फेदचेंको यांनी १८७० च्या सुमारास दाखवले होते. भारतात नारू निर्मूलनाची राष्ट्रीय मोहीम १९८० च्या दशकात सुरू झाली, महाराष्ट्र त्या रोगाच्या राज्यांपैकी एक होता, आणि २००० मध्ये देश नारूमुक्त जाहीर झाला. मोहिमेत पायऱ्यांच्या विहिरींना कठडे बांधले गेले, पाण्यात औषध टाकले गेले आणि दुहेरी फडक्याने पाणी गाळून पिण्याचा सल्ला घरोघरी पोचला. हा सायक्लॉप्स उजेडातला, डोळा असलेला प्राणी आहे. झऱ्याच्या फटीत राहणारे त्याचे आंधळे भाऊबंद माणसाला अपाय करत नाहीत, पण विहिरीत दिसणारा प्रत्येक हलता ठिपका संशयास्पद, ही समजूत या काळात पक्की झाली.

हिवतापाची कथा याहून जुनी आणि ठाण्याच्या अधिक जवळची आहे. मुंबईतील हिवतापाचा संबंध घरगुती विहिरींत वाढणाऱ्या डासांशी असल्याचे बेंटली यांच्या १९११ च्या अहवालात मांडले गेले, आणि त्यानंतर मुंबईत विहिरी बुजवणे, झाकणे आणि त्यांत मासे सोडणे हे आरोग्यखात्याचे नेहमीचे काम झाले. गप्पी मासे सोडण्याची पद्धत आजूबाजूच्या शहरांतही रुळली. त्या काळातील मृत्यूंचा विचार करता या उपायाला दोष देता येणार नाही. मात्र ज्या विहिरीत गप्पी आहेत तिथे झऱ्यातून बाहेर आलेला मिलिमीटरभर जीव फार वेळ टिकण्याची शक्यता नाही. पुढे नळाचे पाणी आले, उपसा थांबला, आणि उरलेल्या विहिरींत निर्माल्य व कचरा साचून तळाचा प्राणवायू संपला.

आता ठाण्याच्या खडकाविषयी. येऊरचे डोंगर आणि पारसिकची रांग दख्खनच्या लाव्हाची आहे, आणि तो लाव्हा सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वीचा. म्हणजे मादागास्कर दूर गेल्यानंतर पुष्कळ काळाने हा दगड तयार झाला. तो तापलेला असताना त्यात कोणी राहणे शक्य नव्हते, त्यामुळे येथे जे कोणी असतील ते नंतर आलेले भाडेकरू म्हणायचे: नदीच्या वाळूतून सरकत आलेले, शेजारच्या जुन्या खडकातून शिरलेले किंवा खाडीच्या बाजूने आलेले. काळ्या कातळात चुनखडीसारख्या गुहा होत नाहीत. पाणी वरच्या मुरमात, दोन थरांमधल्या तांबड्या मातीच्या पट्ट्यालगत आणि उभ्या-आडव्या फटींत असते. अशा जागेत रत्नागिरीच्या कोळंबीपेक्षा बॅथिनेला आणि सूक्ष्म कोपेपॉड (सायक्लॉप्सच्या गोतातले जीव) यांची सोय अधिक, हे खडकाकडे पाहून सांगता येते.

शोधण्याची रीत साधी आहे. बारीक विणीच्या कापडाची नरसाळ्यासारखी जाळी, तिच्या टोकाला बाटली आणि खाली वजन. ती दोरीने तळापर्यंत सोडायची, गाळ ढवळेल इतके हिसके द्यायचे आणि सावकाश वर ओढायची. बाटलीतले पाणी पांढऱ्या बशीत ओतून थोडा वेळ थांबले की गाळ बसतो, आणि मग एखादा पांढरा धागा स्वतःहून वळवळला तर तो भिंगाखाली घ्यायचा. नदीकाठी विहीर नसली तरी काम अडत नाही: वाळूत खड्डा खणायचा, त्यात झिरपून आलेले पाणी गाळायचे. युरोपात कारामान आणि शाप्पुई यांच्या नावाने ही पद्धत ओळखली जाते, पण उन्हाळ्यात कोरड्या नदीत झिरा खणून पाणी भरणाऱ्या आपल्याकडच्या बायकांना तिच्यात नवे काही वाटणार नाही.

ऑस्ट्रेलियाच्या पश्चिम भागात खाणीला परवानगी देण्याआधी भूजलातील प्राण्यांची पाहणी मागितली जाते. आपल्याकडे २००९ च्या महाराष्ट्र भूजल अधिनियमाचा रोख पाण्याच्या उपशावर आणि गुणवत्तेवर आहे, आणि भूजल सर्वेक्षण यंत्रणा निरीक्षण विहिरींची पातळी वर्षातून ठरावीक महिन्यांत मोजते. त्याच फेरीत जाळी सोडली तर निराळा प्रवास लागणार नाही. ठाणे आणि बोरिवली यांना जोडणाऱ्या, राष्ट्रीय उद्यानाखालून जाणाऱ्या जुळ्या बोगद्याची पायाभरणी जुलै २०२४ मध्ये झाली. बोगद्याच्या कामात फटींतून येणारे पाणी साठवून पंपाने बाहेर टाकावे लागते, आणि त्या पंपाच्या तोंडाशी कापडी पिशवी बांधण्याला खर्च जवळपास नाही. चिल्टन यांच्याकडे आलेला बंगालचा नमुनाही खाणीतलाच होता. असे गाळण मे महिन्यात घेणे बरे, कारण पाऊस सुरू झाला की वरच्या ओढ्यांतले डोळस सायक्लॉप्स त्या पाण्यात मिसळतात आणि मग निवडायला फार वेळ जातो.