विश्व ठिपक्यांच्या जाळीवर चालत असेल तर

‘आपण संगणकाच्या सिम्युलेशनमध्ये जगतो, शास्त्रज्ञांनी सिद्ध केलं’ अशा मथळ्याचे व्हिडिओ अधूनमधून फिरत असतात. असं काहीही सिद्ध झालेलं नाही. निक बॉस्ट्रम या तत्त्वज्ञाने २००३ मध्ये मांडलेला युक्तिवाद शक्याशक्यतेचा होता, त्यात मोजण्याजोगं काही नव्हतं. ते आणलं २०१२ मध्ये सायलस बीन, झोहरे दावूदी आणि मार्टिन सॅव्हेज या भौतिकशास्त्रज्ञांनी. आपण ज्या पद्धतीने विश्वाचा एक कण संगणकावर चालवतो, त्याच पद्धतीने कुणी अख्खं विश्व चालवत असेल, तर तिच्या खुणा कुठे सापडतील, असा त्यांचा सरळ प्रश्न होता.

ही पद्धत म्हणजे लॅटिस क्यूसीडी: लॅटिस म्हणजे जाळी, आणि क्यूसीडी (क्वांटम क्रोमोडायनॅमिक्स) म्हणजे क्वार्कना बांधून ठेवणाऱ्या बलाचा सिद्धांत. मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेतही तिच्यावर बरंच काम झालं आहे. प्रोटॉनच्या आतले क्वार्क आणि त्यांना बांधणारे ग्लुऑन यांची गणितं कागदावर सुटत नाहीत, म्हणून केनेथ विल्सनने १९७४ मध्ये अवकाश आणि काळ दोन्ही सुट्या बिंदूंत मांडले. ठिपक्यांची रांगोळी डोळ्यांपुढे आणा: क्वार्क ठिपक्यांवर, ग्लुऑन ठिपके जोडणाऱ्या रेघांवर. फक्त ही रांगोळी चार मितींची. दोन ठिपक्यांतलं अंतर साधारण ०.१ फेम्टोमीटर (फेम्टोमीटर म्हणजे मिलिमीटरचा लाख कोटीवा भाग), प्रोटॉनच्या त्रिज्येच्या आठव्या हिश्श्याएवढं. अवकाशाच्या प्रत्येक दिशेत ६४ आणि काळाच्या दिशेत १२८ ठिपके घेतले की एकूण होतात ३ कोटी ३५ लाख. प्रत्येक ठिपक्यामागे चार रेघा, प्रत्येक रेघेवर १८ आकडे. जाळीची अशी एक स्थिती नुसती साठवायलाच सुमारे १९ जीबी लागतात, आणि उत्तरासाठी अशा शेकडो स्थिती हव्यात. अंतर निम्मं केलं की ठिपके सोळापट. एवढं करून हाती येते ती जेमतेम ६ फेम्टोमीटर रुंदीची पेटी!

आता या जाळीतली सर्वांत सुंदर अडचण पाहू. क्वार्कच्या समीकरणाला क्षेत्राचा उतार लागतो, म्हणजे ठिपक्यांवर लिहिलेली किंमत किती झपाट्याने बदलते ते. तो काढायची सरळ रीत अशी: पुढच्या ठिपक्यावरच्या किमतीतून मागच्या ठिपक्यावरची वजा करायची आणि त्या दोघांमधल्या अंतराने भागायचं. किंमत सगळीकडे +१ असेल तर उतार शून्य, ठीकच. पण किमती +१, −१, +१, −१ अशा आलटूनपालटून असतील तर? कुठलाही ठिपका घ्या, त्याचे पुढचा आणि मागचा शेजारी सारखेच. म्हणजे उतार पुन्हा शून्य. सगळ्यात खडबडीत लाट संगणकाला सपाट दिसते आणि तो तिलाही संथ कण समजून बसतो. एका दिशेत एकाचे दोन कण झाले, चार दिशांत २×२×२×२, म्हणजे १६. एक खरा, पंधरा तोतये.

विल्सनने समीकरणात एक जादा पद घालून तोतये इतके जड केले की कमी ऊर्जेच्या घडामोडींत ते डोकावतच नाहीत. मात्र त्यापायी डावखुऱ्या आणि उजव्या कणांमधली सममिती मोडते आणि उत्तरात अंतराच्या प्रमाणात चूक शिरते. अंतर शून्य केलं तरच ती पूर्ण जाईल, आणि संगणकावर अंतर शून्य करता येत नाही. ही उरलेली चूक म्हणजे जाळीची पहिली खूण.

दुसरी खूण ऊर्जेची. जाळीच्या कडेला समांतर जाणारी लाट दोन ठिपक्यांतल्या अंतराच्या दुपटीपेक्षा आखूड असू शकत नाही. तरंगलांबी जितकी आखूड तितका संवेग जास्त, म्हणून कणाच्या ऊर्जेला छत लागतं. हे छत सगळ्या दिशांना सारखं नसतं. घनाच्या कोपऱ्यातून समोरच्या कोपऱ्याकडे जाणाऱ्या कर्णावर संवेगाची मर्यादा कडेपेक्षा १.७३ पट असते. तेव्हा सर्वाधिक ऊर्जेचे कण आकाशाच्या ठरावीक दिशांनीच जास्त यायला हवेत.

असे कण निसर्ग पुरवतो: विश्वकिरण, म्हणजे अवकाशातून येणारे अतिवेगवान कण. अर्जेंटिनातली पिएर ओझे वेधशाळा ते टिपते. ३,००० चौरस किलोमीटरवर १,६६० टाक्या, प्रत्येकीत १२,००० लिटर शुद्ध पाणी. सुमारे ५ वर १९ शून्यं इतक्या इलेक्ट्रॉनव्होल्टच्या (कणांची ऊर्जा मोजायचं एकक) पुढे हे किरण झपाट्याने विरळ होतात. पण त्यावरून छत सापडलं म्हणता येत नाही. इतक्या ऊर्जेचा प्रोटॉन अवकाशभर पसरलेल्या सूक्ष्मलहरींच्या फोटॉनवर म्हणजे प्रकाशकणावर आपटतो, पायॉन हा नवा कण तयार होतो आणि प्रोटॉनची ऊर्जा घटते, हे १९६६ मध्येच वर्तवलेलं होतं. शिवाय स्रोतांची ताकदही तिथेच संपत असू शकते.

मात्र १ वर २० शून्यं इलेक्ट्रॉनव्होल्टचे कण दिसलेले आहेत. त्यावरून घनाकार जाळी असलीच तर तिचं अंतर प्रोटॉनपेक्षा सुमारे लाख कोटी पटीने लहान हवं. २०१७ मध्ये ओझे वेधशाळेने ८ वर १८ शून्यांच्या वरच्या किरणांत ६.५ टक्क्यांचा दिशाभेद जाहीर केला, पण तो आकाशाच्या एका बाजूला झुकलेला आहे. घनाचा साचा त्यात नाही.

‘हे आमच्या मायावादात होतंच’ असंही लगेच ऐकू येतं. अद्वैताचा प्रश्न ज्ञानाचा आणि मुक्तीचा आहे. त्यातून जाळीचं अंतर निघत नाही आणि ते काढणं हा त्याचा हेतूही नव्हता. शंकराचार्यांना विश्वकिरणांच्या वादात ओढल्याने दोन्हींची हानी होते.

जाळीच्या अंतरावर घातलेल्या मर्यादेत एक कच्चा दुवा आहे. आलेला कण प्रोटॉन नसून लोखंडाचं अणुकेंद्रक असेल, तर ऊर्जा ५६ कणांत वाटली जाते आणि मर्यादा तितकीच सैल होते. ऊर्जा वाढते तसे जड अणुकेंद्रकांचं प्रमाण वाढतं, असंच ओझेची मोजमापं सुचवतात. म्हणून टाक्यांवर सिंटिलेटर, म्हणजे कण शिरला की चमकणारे पट्टे, बसवले गेले: विश्वकिरण हवेवर आपटला की दुय्यम कणांचा वर्षाव होतो, लोखंडाच्या वर्षावात म्यूऑन (इलेक्ट्रॉनचे जड भाऊबंद) जास्त असतात, आणि पाणी व सिंटिलेटर यांचे संकेत ताडून पाहिले की म्यूऑन आणि इलेक्ट्रॉन वेगळे काढता येतात.