फॉरमॅट मारला की सॉफ्टवेअर मारलं?

जुना नोकिया दुरुस्तीला नेला की दुकानदार दोनपैकी एक सांगतो: ‘फॉरमॅट मारावा लागेल’ किंवा ‘सॉफ्टवेअर मारावं लागेल’. दोन्हींत फोनमधले नंबर आणि फोटो जाऊ शकतात, म्हणून गिऱ्हाइकाला ते एकच वाटतं. पण आत घडतं ते फार वेगळं.

फॉरमॅटमध्ये फोन स्वतःच आपली पाटी पुसतो. सिम्बियन (नोकियाच्या जुन्या स्मार्टफोनची सिस्टिम) असलेल्या नोकियावर *#७३७०# दाबून सिक्युरिटी कोड दिला (बदलला नसेल तर १२३४५), की सी ड्राइव्ह, म्हणजे फोनची आतली मेमरी, रिकामा होतो. मेमरी कार्ड आणि सिममधले नंबर सुरक्षित राहतात. मूळ सिस्टिमही तीच राहते. नंतर *#००००# दाबून पाहा, व्हर्जन बदललेलं नसतं. एखाद्या ॲपने गोंधळ घातला असेल, तर एवढं पुरतं.

सॉफ्टवेअर मारणं, म्हणजे फ्लॅशिंग, यात ती सिस्टिमच नव्याने लिहिली जाते. हे फोनला एकट्याने जमत नाही. संगणक, केबल आणि नोकियाने सर्व्हिस सेंटरसाठी बनवलेलं ‘फिनिक्स’ हे संगणकावरचं सॉफ्टवेअर लागतं. फाइल नेमकी त्याच मॉडेलची हवी. ५८०० एक्स्प्रेसम्युझिक असेल तर आरएम-३५६ या प्रकाराची. हा प्रकार बॅटरीखालच्या लेबलवर छापलेला असतो. तिथलाच सात आकडी प्रॉडक्ट कोड फोनमध्ये कोणत्या भाषा येणार हे ठरवतो. परदेशातून आणलेल्या फोनमध्ये हिंदी नसेल, तर कितीदाही फॉरमॅट मारा, ती येणार नाही. नोकियाचं नाव दाखवून फोन तिथेच अडकला आणि (बटणांच्या फोनवर) हिरवं बटण, * आणि ३ धरून चालू करूनही फॉरमॅट झाला नाही, तर मात्र फ्लॅशिंगच. त्यासाठी फिनिक्समध्ये ‘डेड फोन यूएसबी फ्लॅशिंग’वर खूण करतात आणि सूचना आली की पॉवर बटण दाबतात. बॅटरी भरलेली हवी, केबल हलता कामा नये.

मी नेहमी आधी फॉरमॅट करून बघा म्हणेन. फ्लॅशिंगची गरज लोकांना वाटते त्यापेक्षा कमी वेळा पडते.

फोनचा आयएमईआय (प्रत्येक फोनचा वेगळा ओळख क्रमांक) आणि रेडिओचं कॅलिब्रेशन, म्हणजे नेटवर्क पकडणाऱ्या भागाची जुळणी, मात्र वेगळ्या कायम मेमरीत असतं. त्याला यातलं कोणतंच काम हात लावत नाही, लावूही नये. कॅलिब्रेशन त्या एकाच हँडसेटचं असतं; ते पुसलं तर नेटवर्क जातं आणि दुसऱ्या फोनचं आणून चिकटवता येत नाही. आयएमईआय बदलणं तर आपल्याकडे गुन्हाच आहे. म्हणून फोन देण्याआधी *#०६# दाबून आकडा वहीत लिहा आणि परत घेताना दुकानातच पुन्हा ताडून बघा.