आनंद सागर, शेगाव

आनंद सागर हे बुलढाणा जिल्ह्यातील शेगाव येथे श्री गजानन महाराज संस्थानाने उभारलेले आध्यात्मिक उद्यान आणि पर्यटनस्थळ. मुंबई–नागपूर लोहमार्गावरच्या या गावी 23 फेब्रुवारी 1878 रोजी (माघ वद्य सप्तमी) गजानन महाराज प्रथम दिसले. 8 सप्टेंबर 1910 रोजी, ऋषिपंचमीला, त्यांनी येथेच समाधी घेतली. प्रकटदिन, रामनवमी आणि ऋषिपंचमीला विदर्भातल्या खेड्यापाड्यांतून दिंड्या येतात. दर्शनानंतर दिवसभर कुठे टेकायचे, या प्रश्नाचे उत्तर म्हणजे हे उद्यान.

त्याचे मोल कळायला आधी इथली जमीन समजून घ्यावी लागते. शेगावचा परिसर पूर्णा खोऱ्यातल्या खारपाण पट्ट्यात मोडतो. विहीर खोदली तरी पाणी खारे. पिण्याला नाही, ओलिताला नाही. पऱ्हाटी (कापूस) आणि तूर पावसावरच. महाराजांच्या चरित्रातही अकोलीच्या कोरड्या विहिरीला पाणी लागल्याची कथा भाविक आवर्जून सांगतात, ती उगाच नव्हे. अशा मुलखात 200 एकरांहून अधिक जागेवर झाडी आणि विस्तीर्ण तळे उभे करणे, हेच आनंद सागरचे सर्वांत मोठे काम आहे. देखावे त्यानंतर येतात.

तळ्यातल्या बेटावर ध्यानकेंद्र असून त्याची रचना कन्याकुमारीच्या विवेकानंद शिलास्मारकाच्या धर्तीवर आहे. याखेरीज उद्यान पूर्ण खुले असताना संतांचे पुतळे, शिवमंदिर, मत्स्यालय आणि मुलांची छोटी रेल्वेही असायची. या रेल्वेत मुलांपेक्षा आज्यांचीच हौस अधिक दिसायची: लुगड्याचा पदर दातात धरून, नातवाला मांडीवर घट्ट आवळून बसलेल्या. आयुष्यात कधी ‘रिसॉर्ट’ हा शब्दही न उच्चारलेल्या माणसाला सुटीचा एक दिवस इथे मिळतो. डबा सोडायला सावली असते, मुक्कामाला संस्थानाची माफक दरातली भक्तनिवासे असतात.

शेगावची स्वच्छता आणि शिस्त महाराष्ट्रात वाखाणली जाते. ती टिकते सेवेकऱ्यांवर. शेतीची कामे आटोपून गावोगावचे स्त्री-पुरुष पाळीपाळीने विनामोबदला सेवेला येतात. म्हातारा असो की शाळकरी पोर, येणाऱ्या प्रत्येकाला ते ‘माऊली’ म्हणतात. “माऊली, पुढे चला,” एवढ्यावर रांग सरकते; खेकसणे नाही, ढकलणे नाही. ही घडी बसवण्याचे श्रेय प्रामुख्याने संस्थानाचे दीर्घकाळचे विश्वस्त शिवशंकरभाऊ पाटील (निधन 2021) यांच्याकडे जाते.

मध्यंतरी उद्यान काही वर्षे बंद होते. त्या काळात दर्शन आटोपून फाटकापर्यंत येणारी आणि कुलूप पाहून परतणारी कुटुंबे पाहताना जीव हळहळायचा. पुढे त्याचा काही भाग भाविकांसाठी पुन्हा खुला झाला.