पडद्यावरचा इतिहास स्मृतीत कसा मुरतो

सोलापूरचे डॉ. द्वारकानाथ कोटणीस १९३८ मध्ये पाच भारतीय डॉक्टरांच्या पथकातून चीनला गेले, जपानविरुद्धच्या युद्धात जखमी झालेल्या सैनिकांवर शस्त्रक्रिया करीत राहिले आणि ९ डिसेंबर १९४२ रोजी, वयाच्या अवघ्या ३२व्या वर्षी, तेथेच निवर्तले. त्यानंतर चारच वर्षांनी व्ही. शांताराम यांनी त्यांच्यावर हिंदी चित्रपट काढला. कोटणीसांची भूमिका त्यांनी स्वतः केली, तर त्यांच्या चिनी पत्नीच्या भूमिकेत जयश्री होत्या. देशभरातील असंख्य प्रेक्षकांच्या मनात कोटणीस आले ते शांतारामांचा चेहरा घेऊन, आणि चीनमधील ती माणसे आली ती हिंदी बोलत.

असे का घडते, याचे उत्तर स्मृतीच्या रचनेत आहे. एखादी गोष्ट आणि ती आपल्याला कोठून कळली, या दोन्ही बाबी मेंदू सारख्याच घट्टपणे जपत नाही. गोष्ट टिकते, तिचा उगम मात्र लवकर पुसट होतो. अमेरिकेतील अँड्र्यू बटलर, हेन्री रोडिगर आणि सहकाऱ्यांनी २००९ मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात विद्यार्थ्यांना इतिहासाचा अचूक मजकूर वाचायला दिला आणि त्याच विषयावरील चित्रपटांतील प्रसंगही दाखवले. मजकूर आणि प्रसंग जुळत होते तेथे आठवण लक्षणीय सुधारली. पडद्यावर चूक होती तेथे मात्र, बरोबर मजकूर वाचलेला असूनही, काही परिस्थितींत निम्म्यापर्यंत उत्तरे चित्रपटाप्रमाणे चुकली, आणि तीही आत्मविश्वासाने. ‘चित्रपटात चुका असू शकतात’ एवढ्या मोघम सूचनेने फरक पडला नाही. नेमकी कोणती बाब चुकीची आहे हे सांगितल्यावरच तो पडला. मला या प्रयोगातला हाच भाग सर्वांत मोलाचा वाटतो.

व्यक्तीची आठवण समाजाच्या चौकटीत घडते, हे फ्रेंच समाजशास्त्रज्ञ मॉरिस हाल्ब्वाक्स यांनी १९२५ मध्येच मांडले होते. सोलापुरात ही चौकट डोळ्यांनी दिसते. १९३० च्या लष्करी कायद्यानंतर १२ जानेवारी १९३१ रोजी येरवड्यात फाशी गेलेले मल्लप्पा धनशेट्टी, कुर्बान हुसेन, जगन्नाथ शिंदे आणि श्रीकिसन सारडा हे चार हुतात्मे पुतळ्यांतून आणि दरवर्षीच्या अभिवादनातून गावाच्या आठवणीत राहिले आहेत. अशी आठवण मात्र बहुधा गावाच्या वेशीतच राहते. चित्रपट ती हजारो कोसांवरच्या माणसापर्यंत, तयार चेहऱ्यासह आणि संवादांसह, पोहोचवतो. म्हणून शाळेत ऐतिहासिक चित्रपट दाखवताना शिक्षकांनी कोणता प्रसंग, कोणता संवाद कल्पित आहे हे आधीच एकेक करून सांगावे आणि शक्य तेथे त्या व्यक्तीचे खरे छायाचित्रही मुलांसमोर ठेवावे.