हात हलणं वेगळं, साइट मोडणं वेगळं

पिस्तूल शिकायला आलेल्या माणसाची पहिली तक्रार ठरलेली असते. "सर, हात लई हलतोय ओ." दुसरी तक्रार थोड्या दिवसांनी येते. "ह्या पिस्तुलातच काहीतरी आहे, छर्रा सारखा खाली डावीकडं जातोय." दोन्ही तक्रारी खऱ्या असतात, कारणं मात्र वेगवेगळी. नवा माणूस दोन्हींवर एकच औषध घेतो, मूठ आवळतो. त्यानं पहिली तक्रार तशीच राहते आणि दुसरी वाढते.

इथं बोलतोय ते १० मीटरच्या एअर पिस्तुलाबद्दल, तेही काही हजारांत मिळणाऱ्या, नळी मोडून स्प्रिंग चढवायच्या साध्या पिस्तुलाबद्दल. स्पर्धेची परदेशी पिस्तुलं लाखाच्या वर जातात, ती नंतर बघू. ४.५ मिमीपर्यंत बोअरचं (म्हणजे नळीच्या आतल्या व्यासाचं) आणि २० ज्यूलपर्यंत ताकदीचं एअर पिस्तूल घ्यायला परवाना लागत नाही. त्यापुढं गेलं की परवाना आला. सोलापूर शहरात राहणाऱ्यानं त्यासाठी पोलिस आयुक्तालय गाठायचं, तालुक्याच्या गावी राहणाऱ्यानं जिल्हाधिकारी कार्यालय. दुकानदाराकडून पक्कं बिल घ्या, त्यावर मॉडेल आणि बोअर लिहून घ्या आणि ते पेटीतच ठेवा. पिस्तूल पेटीबाहेर दिसतं खऱ्यासारखंच. सात रस्ता चौकात गाडीच्या डिकीतून काढून मित्राला दाखवायची ही वस्तू नाही.

आता मुद्द्यावर.

रिअर साइट म्हणजे मागची खाच असलेली पट्टी, फ्रंट साइट म्हणजे पुढचा उभा दांडा. दांडा खाचेच्या बरोबर मध्ये, दोन्ही बाजूंना सारखा उजेड, वरची कड एका रेषेत. ही झाली साइटची जुळणी. ती जुळलेली जोडी टार्गेटवर कुठं धरली आहे, ही वेगळी गोष्ट. हात हलतो तेव्हा जुळलेली जोडी अख्खीच्या अख्खी टार्गेटवर फिरते. साइट मोडते तेव्हा जोडीतलं नातंच बिघडतं. दांडा खाचेत एका बाजूला सरकतो, किंवा खाली बुडतो. हाताला दोन्हींमध्ये "हललं" एवढंच कळतं, म्हणून गोंधळ.

लाइट गेल्यावर गच्चीवर टॉर्च घेऊन उभे राहा. समोरच्या भिंतीवर उजेड पाडा आणि टॉर्च न वळवता अख्खा हात बोटभर बाजूला न्या. उजेडही बोटभरच सरकेल. आता हात जागेवर ठेवून मनगट जरासं वळवा. उजेड शेजाऱ्याच्या टाकीवर जातो. पहिलं म्हणजे हात हलणं, दुसरं म्हणजे साइट मोडणं.

आकड्यांत बघू. १० मीटरच्या एअर पिस्तूल टार्गेटवर दहाचं वर्तुळ ११.५ मिमी व्यासाचं असतं. त्यापुढचं प्रत्येक वर्तुळ ८ मिमीनं बाहेर. सातपासून आतला भाग काळा, त्याचा व्यास ५९.५ मिमी. छर्रा ४.५ मिमीचा आणि त्याची कड रेषेला टेकली तरी वरचे गुण मिळतात. हिशेब केला तर छऱ्याचा मध्य केंद्रापासून ८ मिमीपर्यंत कुठंही पडला तरी दहाच. म्हणजे साइट जुळलेली असेल, तर ती जोडी टार्गेटवर १६ मिमीच्या गोलात कशीही भटकली तरी तुमचा एकही गुण जात नाही. मी हे सांगतो तेव्हा निम्म्या लोकांचा विश्वास बसत नाही. ते टार्गेटच्या कार्डावर पट्टी ठेवून मोजतात. मोजावंच.

दुसरी चूक बघा. स्पर्धेच्या पिस्तुलात दोन साइटमधलं अंतर साधारण ३३ सेंमी धरू. टार्गेट १० मीटरवर, म्हणजे जवळपास तीसपट लांब. दांडा खाचेत १ मिमी सरकला की छर्रा ३ सेंमी सरकतो आणि थेट सातात जातो. दहा टिकवायचा असेल तर खाचेतली चूक पाव मिलिमीटरच्या आसपास ठेवावी लागते. आखूड पिस्तुलात साइटमधलं अंतर २० सेंमी असेल तर पट होते पन्नास. तोच १ मिमी आता ५ सेंमी होतो आणि हातात चार गुण पडतात. आखूड पिस्तूल नव्या माणसाला "हलकं, सोपं" वाटतं, दुकानदारही तेच सांगतो. साइटच्या बाबतीत ते उलट आहे. दोन पिस्तुलांचा भाव सारखा असेल तर लांब साइटवालं घ्या, रंगरूप मागाहून.

डोळ्याची फसवणूक इथंच होते. फ्रंट साइट डोळ्यापासून साधारण १ मीटरवर असते. तिथली १ मिमीची चूक डोळ्याला टार्गेटवरच्या सेंटीमीटरभर हलण्याएवढीच दिसते. लागते मात्र तीन सेंटीमीटर. हात हलतो तो जेवढा दिसतो तेवढाच लागतो. साइट मोडते ती दिसते त्याच्या तिप्पट लागते. त्यात नवा माणूस टार्गेटकडं टक लावून बघत असतो, त्यामुळं साइट धूसर, आणि महागाची चूक त्याला दिसतच नाही. दिसते ती स्वस्त चूक, आणि तिच्याशीच तो झगडत बसतो.

म्हणून नजर फ्रंट साइटच्या वरच्या कडेवर. ती कड ब्लेडसारखी स्पष्ट दिसायला हवी, आणि मागचा काळा गोल पुसट. पुसट गोलाची भीती वाटते, ती काही दिवसांत जाते. चाळिशी ओलांडलेल्यांसाठी एक गोष्ट: जवळ-लांबचा बायफोकल चष्मा इथं उपयोगाचा नाही, कारण ही कड दोन्ही काचांच्या मधल्या अंतरात पडते. चष्मेवाल्याला "एक मीटरवर स्वच्छ दिसेल असा नंबर द्या" असं सांगा. तो विचारेल कशाला, तर खरं सांगा.

एक गड्ड्याची गंमत. सोलापूरच्या सिद्धेश्वराच्या यात्रेत, म्हणजे गड्ड्यात, होम मैदानावर फुगे फोडणारी पोरं नंतर रेंजवर येतात आणि म्हणतात, "मला नेमबाजी येते की." फुगा वीतभर, अंतर चार पावलं. तिथं हातही माफ, साइटही माफ. स्टॉलवरच्या बंदुकीची पुढची साइट कित्येकदा वाकलेली असते आणि तरी फुगा फुटतो. १० मीटरवरचं कार्ड असली माफी देत नाही, म्हणून पहिल्या दिवशी या पोरांचा चेहरा बघण्यासारखा असतो.

आता या दोन चुकांचं आपसातलं नातं, कारण खरी गोम त्यातच आहे. हात हलतोय असं दिसलं की माणूस वाट बघतो. जोडी हवी त्या जागेवरून जाताना दिसली की "आत्ता!" म्हणून ट्रिगर ओढतो. बोटाबरोबर अख्खी मूठ मिटते, मनगट खाली पडतं, आणि उजव्या हाताच्या माणसाचा छर्रा खाली डावीकडं जातो. म्हणजे ८ मिमीची फुकट मिळणारी चूक वाचवायला तो पाच सेंटीमीटरची चूक विकत घेतो. स्वस्त पिस्तुलात हे जास्त होतं. स्पर्धेच्या एअर पिस्तुलाचा ट्रिगर नियमानं कमीत कमी ५०० ग्रॅमचा असतो आणि बहुतेक जण तो त्याच्या जवळच ठेवतात. साध्या स्प्रिंग पिस्तुलाचा ट्रिगर त्याहून कितीतरी जड आणि खरखरीत. तो झटक्यानं ओढला की साइट मोडणारच.

यावर उपाय म्हणजे हात हलू देणं. खरंच, हलू द्या. पॅरिसला २०२४ मध्ये मनू भाकरनं पात्रता फेरीत ६०० पैकी ५८० गुण केले आणि पुढं कांस्य जिंकलं. तिचाही हात पुतळ्यासारखा थांबलेला नव्हता, कुणाचाच नसतो. फिरण्याचा गोल लहान होतो तो महिनोन् महिने हात धरून, एका दिवसाच्या जिद्दीनं होत नाही. तोवर काळ्याच्या खाली थोडी पांढरी फट ठेवून जोडी धरायची, ती तिथं फिरत असताना बोटाच्या पहिल्या पेराचा मधला भाग ट्रिगरवर ठेवून सरळ मागं दाब वाढवत न्यायचा. बोटाची बाजू ग्रिपला घासायला नको. बाकीच्या बोटांचा दाब सुरुवातीला जेवढा, शेवटीही तेवढाच. छर्रा कधी सुटला ते तुम्हाला किंचित उशिरा कळलं तर बरोबर चाललंय. आठ-दहा सेकंदांत सुटला नाही तर ट्रिगरवरून बोट काढून हात खाली. उतरवायला लाज वाटते लोकांना. रेंजवर उतरवणाऱ्याला कुणी हसत नाही, ताणून मारणाऱ्याचं कार्डच हसतं.

स्प्रिंग पिस्तुलाचं आणखी एक. आतला पिस्टन छर्रा नळीत असतानाच धक्का देतो, त्यामुळं सुटल्यावरही दोन सेकंद साइट बघत राहायचं. लगेच मान उंचावून "कुठं लागला" बघायची सवय लागली की ती सवय छर्रा सुटायच्या आधीच काम सुरू करते.

मग आपली चूक कुठली, हे ओळखायचं कसं? कार्ड उलटं लावा. कोरी पांढरी बाजू समोर. त्यावर पाच छर्रे मारा, काहीही न नेमता, फक्त साइट जुळलेली ठेवून. आमच्याकडं येणाऱ्या अकरावीतल्या एका मुलीचे काळ्या गोलावरचे पाच छर्रे तळहाताएवढ्या जागेत पसरले होते, त्यातले तीन खाली डावीकडं. कोऱ्या बाजूवर तेच पाच जवळजवळ लाडवाएवढ्या गोलात आले. हात तोच, पिस्तूल तेच. गोल दिसेनासा झाला तशी "आत्ता!" म्हणायची वेळच राहिली नाही. छर्रे सगळीकडं सारखे, गोलाकार विखुरले असतील तर तो हात आहे आणि त्याला वेळ द्यायचा. एका कोपऱ्याकडं पळत असतील तर ट्रिगर. पाचही एकमेकांना चिकटून पण भलत्याच जागी असतील, तरच साइटचा स्क्रू.

घरी सराव करताना स्प्रिंग पिस्तूल छऱ्याशिवाय चालवू नका. पुढं हवेला अडवायला काही नसतं, पिस्टन जोरात आपटतो आणि सील जातं. स्प्रिंग न चढवता नुसतं धरायचा सराव करा. भिंतीसमोर, साइट बघत. उन्हाळ्यात पहाटेच करा, एप्रिलच्या दुपारी सोलापुरात घामानं ग्रिप हातात टिकत नाही.

आणि आता ती गोष्ट, जी गुणांशी संबंधित नाही आणि जिच्यात अंदाज चालत नाही. नळी मोडून स्प्रिंग चढवली की नळी दुसऱ्या हातानं घट्ट धरून ठेवायची, छर्रा आत जाईपर्यंत सोडायची नाही. ट्रिगरला चुकून बोट लागलं तर नळी झटक्यानं सरळ होते आणि मधे आलेलं बोट चेचतं. छऱ्याचं घेराचं तोंड मागं, अंगठ्यानं कडेपर्यंत दाबून बसवायचा. एवढा वेळ पिस्तुलाचं तोंड टार्गेटकडंच, बोट ट्रिगरगार्डच्या बाहेर सरळ. कुणी पुढं गेलं तर नळी उघडी, पिस्तूल टेबलावर, हात मागं. चष्मा सगळ्यांना, बघणाऱ्यांनाही, कारण छर्रा कठीण भिंतीवरून किंवा फळीवरून उलटा येतो. टार्गेटमागं लोखंडी पत्र्याची पेटी, आत जुने कपडे ठासून. जुन्या चादरींचा आपल्याकडं तोटा नाही. छर्रे शिशाचे असतात, म्हणून चहाआधी हात साबणानं धुवा, आणि छर्रे ओठांत धरायची सवय असेल तर ती आजच सोडा.

शिकायला जमलं तर रेंजच गाठा. कोल्हापूरनं राही सरनोबत दिली, शेजारच्या राधानगरीतून स्वप्नील कुसाळे आला, आणि आपण अजून मोठ्या रेंजसाठी पुण्याला बालेवाडीची वाट धरतो. हे दुखणं आहेच. पण १० मीटर लांबीचा बंद हॉल, एक जाणता माणूस आणि वर सांगितलेली पेटी एवढ्यावर सुरुवात होते.

स्क्रूचं शेवटी. पाच-पाच छऱ्यांची तीन कार्डं सलग एकाच जागी गोळा झाली, तरच स्क्रूड्रायव्हर काढायचा. रिअर साइट ज्या बाजूला सरकवाल, छर्रा त्याच बाजूला जातो. छर्रे डावीकडं असतील तर साइट उजवीकडं, खाली असतील तर वर. स्क्रूचे दोन क्लिक, पाच छर्रे, नवं कार्ड, मग पुढचे दोन.