मेंदूची मेमरी किती जीबी?

खानापूर तालुक्यात पावसाळ्यात अचानक वीज गेली, की सेव्ह न केलेली फाईल हातची जाते. रॅम म्हणजे कॉम्प्युटरची चालू कामापुरती मेमरी. तिच्यातला प्रत्येक बिट (0 किंवा 1) म्हणजे एका सूक्ष्म कपॅसिटरमधला विद्युतभार. तो सतत गळतो, म्हणून साधारण दर 64 मिलिसेकंदांनी पुन्हा भरावा लागतो. पुरवठा तुटला की भरणं थांबतं आणि पाटी कोरी होते. हार्ड डिस्कवर उतरलेलं तेवढं वाचतं.

मेंदूतही असं घडतं. दुचाकीवरून पडून डोक्याला जबर मार बसलेल्या माणसाला लहानपणीचं घर आठवतं, पण अपघाताआधीची काही मिनिटं पुष्कळदा कायमची जातात. ताजी आठवण पक्की व्हायला चेतापेशींमधले जोड, म्हणजे सिनॅप्स, बदलावे लागतात. त्यासाठी नवी प्रथिनं लागतात, आणि त्याला तास लागतात. हेल्मेट डिकीत नव्हे, डोक्यावर हवं ते यासाठीही.

साम्य इथवरच. कॉम्प्युटरमध्ये साठवण एकीकडे, मेमरीत, आणि हिशोब दुसरीकडे, प्रोसेसरमध्ये. ही रचना गणितज्ञ जॉन फॉन नॉयमन यांनी 1945 साली मांडली आणि आजही बहुतेक यंत्रं तशीच बनतात. त्यामुळे बराच वेळ नेआण करण्यात जातो: दोन संख्यांच्या बेरजेला जितकी ऊर्जा लागते, त्याच्या शेकडो पट ऊर्जा त्या संख्या रॅममधून आणायला लागते. मेंदूत ही नेआण नाही. ज्या सिनॅप्समध्ये आठवण साठते, तोच पुढे जाणाऱ्या संदेशाचं वजन, म्हणजे जोर, ठरवतो. चेतापेशी तशी मंद. सेकंदाला फार तर काही शे स्पंदनं. प्रोसेसरचे ठोके अब्जांत. पण सुमारे 86 अब्ज पेशींपैकी असंख्य एकाच वेळी कामाला लागतात, तेही 20 वॅटमध्ये, म्हणजे घरातल्या एका एलईडी ट्यूबइतक्या विजेत.

बेळगावच्या खडे बाजारातला दुकानदार पाहा. गर्दीच्या गलबल्यात एका गिऱ्हाइकाला मराठीत भाव सांगतो, वाक्य संपायच्या आत दुसऱ्याला कन्नडमध्ये उत्तर देतो. त्याच्या डोक्यात मराठीचं एक फोल्डर आणि कन्नडचं दुसरं, असं नसतं. दोन्ही भाषांची जाळी एकमेकांत गुंतलेली आणि एकाच वेळी जागी असतात. नको असलेली भाषा मेंदूचा पुढचा भाग दाबून धरतो. माणूस थकला की ही पकड सैल होते आणि भलताच शब्द तोंडी येतो.

म्हणूनच 'मेंदू किती जीबीचा' हा प्रश्न मला चुकीचा वाटतो. एकच सिनॅप्स अनेक आठवणींत भागीदार असतो, मोजायचं काय?

या रचनेची किंमतही आहे. फाईल हजारदा उघडा, ती तीच राहते. आठवण मात्र काढली की काही काळ मऊ पडू शकते आणि नव्या माहितीसकट पुन्हा बसू शकते. साक्षीदार प्रामाणिक असूनही चुकतो तो यामुळेही. अभ्यासाला मात्र आठवून काढणं फायद्याचं ठरतं. इंजिनिअरिंगच्या मुलांनी धडा चौथ्यांदा वाचण्याऐवजी पुस्तक मिटून आकृती काढावी, चुकलेलं लगेच तपासावं, दोन-तीन दिवसांनी पुन्हा काढावी. परीक्षेच्या आदल्या रात्री जागू नये. दिवसभराचं वाचलेलं पक्कं होण्याचं बरंचसं काम झोपेतच चालतं.